‘कमवा आणि शिका’ : सातारा-सांगली परिसरातील श्रम, शिक्षण व व्यवसाय यांच्या संबंधाची मीमांसा

१. प्रश्नाचे स्वरूप

शिकत असता विद्यार्थ्याने काम करावे काय, या प्रश्नाला तीन निरनिराळ्या अर्थांनी होकार देता येतो. शिक्षणाचा खर्च भागविण्याचे साधन म्हणून काम करता येते. चारित्र्याची घडण व्हावी, म्हणजे संस्कार व्हावा, म्हणून ते करता येते. आणि पुढील आयुष्यात जो व्यवसाय करावयाचा त्याची पूर्वतयारी म्हणूनही ते करता येते. हे तिन्ही हेतू एकमेकांजवळचे वाटले तरी ते एक नव्हेत. ज्या कामाने जेवणाचा खर्च निघतो त्या कामाने व्यवसाय शिकता येईलच असे नाही. आणि ज्याने व्यवसाय शिकता येतो त्यातून शिकणाऱ्याचे पोट भरेलच असेही नाही. या तीन हेतूंची गल्लत झाली म्हणजे एखादी योजना एका हेतूने आखली जाते, दुसऱ्या हेतूने तिचे समर्थन केले जाते आणि तिसऱ्याच हेतूच्या कसोटीवर ती निष्फळ ठरविली जाते.

‘कमवा आणि शिका’ हे शब्द आज महाराष्ट्रातील बहुतेक विद्यापीठांच्या माहितीपत्रकांत आढळतात. या शब्दांमागील कल्पना ज्या भूमीत रुजली, त्या सातारा व सांगली या दोन जिल्ह्यांत तिचा मूळ आशय काय होता, तिने विद्यार्थ्याला व्यवसायापर्यंत कसे पोहोचविले आणि कोठे तिची मर्यादा आली, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे. हा विचार केवळ इतिहासाच्या जिज्ञासेपोटी करावयाचा नाही. पदवी अभ्यासक्रमांत प्रत्यक्ष कामाला स्थान देण्याचे धोरण सध्या सर्वत्र अंगीकारले जात असता, कामाची सांगड शिक्षणाशी नेमकी कोणत्या रीतीने घातली असता गरीब विद्यार्थ्याचा लाभ होतो, हा प्रश्न आजचाच आहे.

२. प्रदेश आणि काळ

आरंभी प्रदेशासंबंधी एक खुलासा आवश्यक आहे. ज्या काळात या प्रयोगास प्रारंभ झाला त्या काळात आजचा सांगली जिल्हा अस्तित्वात नव्हता. वाळवे, तासगाव वगैरे तालुके सातारा जिल्ह्यात मोडत, आणि सांगली, मिरज, जत, औंध अशी संस्थाने त्यांच्या मधून पसरलेली होती. संस्थाने विलीन झाल्यावर १९४९ मध्ये दक्षिण सातारा हा नवा जिल्हा करण्यात आला आणि १९६० मध्ये त्यास सांगली हे नाव मिळाले. सातारा व सांगली यांचा शैक्षणिक इतिहास एकत्र पाहणे इष्ट ठरते ते यामुळेच.

या प्रदेशाच्या दृष्टीने १९१९ हे साल लक्षणीय आहे. त्या वर्षी डेक्कन एज्युकेशन सोसायटीने सांगली येथे विलिंग्डन महाविद्यालय सुरू केले आणि उच्च शिक्षणाचे केंद्र पुण्याच्या दक्षिणेस कृष्णाकाठी आले. त्याच वर्षी ४ ऑक्टोबर रोजी कऱ्हाडजवळील काले या गावी भाऊराव पाटील यांनी रयत शिक्षण संस्थेची स्थापना केली. पहिली घटना महाविद्यालयाची. दुसरी अशा मुलांसाठी, की ज्यांना महाविद्यालय तर दूरच, पण गावची चौथी इयत्ता ओलांडणेही दुरापास्त होते. महाविद्यालय जवळ आल्याने त्यांचा प्रश्न सुटत नव्हता. तो कोठे अडला होता हे भाऊरावांनी ओळखले, आणि तेथूनच त्यांच्या कार्याचा आरंभ झाला.

३. वसतिगृहाचे अर्थशास्त्र

भाऊराव पाटील यांचा जन्म २२ सप्टेंबर १८८७ रोजी कुंभोज येथे झाला. त्यांचे मूळ गाव वाळवे तालुक्यातील ऐतवडे बुद्रुक. त्यांचे स्वतःचे शालेय शिक्षण अपुरे राहिले. पुढे ओगल्यांच्या काचकारखान्याचा माल आणि किर्लोस्करांचे लोखंडी नांगर विकण्याच्या निमित्ताने ते खेडोपाडी हिंडले. नांगर विकणाऱ्यास शेतकऱ्याच्या घरची आर्थिक स्थिती ओसरीवर बसल्याबसल्या कळते. हातात रोकड केव्हा येते, ती कोणाकडे जाते, मुलगा कोणत्या वयात कामाला लागतो, या गोष्टी त्यांना या भटकंतीत प्रत्यक्ष पाहावयास मिळाल्या.

खेड्यातील मुलाच्या शिक्षणाचा खर्च तीन भागांत विभागता येतो. पहिला भाग शाळेच्या शुल्काचा. दुसरा, शाळा ज्या मोठ्या गावी असेल तेथे राहण्याजेवण्याचा. तिसरा, आणि बहुधा सर्वांत मोठा, तो मुलगा शेतावर राहिला असता जे काम करता त्याच्या नुकसानीचा. शुल्कमाफीने यांपैकी केवळ पहिला भाग कमी होतो. म्हणूनच रयत शिक्षण संस्थेने आधी शाळा न काढता वसतिगृहे काढली. आजच्या सांगली जिल्ह्यातील दुधगाव येथे १९१० च्या सुमारास चाललेल्या विद्यार्थी आश्रमात भाऊरावांना या कामाचा पहिला अनुभव मिळाला होता. त्यानंतर काले, नेर्ले अशा गावी आणि १९२४ मध्ये सातारा शहरी वसतिगृह निघाले. संस्थेची पहिली दीड दशके ही मुख्यतः वसतिगृहांची दशके होत.

या वसतिगृहांत विद्यार्थी स्वतः पाणी भरीत, स्वयंपाक करीत, झाडलोट करीत, शेतीत व बागेत राबत. पुढे इमारतीसाठी दगडमाती वाहण्याचे कामही त्यांनी केले. आसपासच्या गावांतून सुगीच्या वेळी धान्य जमा केले जाई. या व्यवस्थेचे वैशिष्ट्य असे की विद्यार्थ्याचे श्रम बाजारात विकले जात नव्हते. ज्या घरात तो राहत होता त्याच घरात ते खर्ची पडत होते. मजुरीचा दर ठरविणे, तयार मालास गिऱ्हाईक शोधणे, मध्यस्थाचा वाटा देणे, यांपैकी कशाचीही आवश्यकता नव्हती. भाकरीसाठी लागणारी ज्वारी पिकविणारा, ती भाकरी भाजणारा आणि ती खाणारा हे तिघेही विद्यार्थीच असल्यामुळे रोख पैशाची गरज अगदी किमान राहिली. ‘स्वावलंबी शिक्षण हेच आमचे ब्रीद’ या संस्थेच्या बोधवाक्यामागे ही अतिशय व्यवहारी मांडणी आहे.

याच मांडणीतून दुसरा परिणाम घडून आला. कोल्हापुरात शाहू महाराजांनी निरनिराळ्या जातींच्या मुलांसाठी निरनिराळी वसतिगृहे काढविली होती. भाऊराव स्वतः तेथील जैन वसतिगृहात राहिलेले होते. साताऱ्यास मात्र सर्व जातिधर्मांची मुले एका छपराखाली ठेवण्यात आली. एकत्र राहणे एक वेळ सोपे. परंतु पाळीपाळीने स्वयंपाक करावयाचा आणि एका पंगतीत जेवावयाचे, म्हणजे पाणी व अन्न यांसंबंधीचे सर्व निर्बंध रोजच्या रोज मोडावयाचे. श्रमाच्या वाटणीमुळे हे अपरिहार्य झाले. २५ फेब्रुवारी १९२७ रोजी महात्मा गांधींनी या वसतिगृहास भेट दिली आणि त्याचे ‘छत्रपती शाहू बोर्डिंग हाऊस’ असे नामकरण त्यांच्या हस्ते झाले. येथे श्रमाचा संस्कार हा स्वतंत्र तासिकेचा विषय नव्हता. खर्च भागविण्यासाठी करावयाच्या कामातूनच तो होत गेला.

या अर्थव्यवस्थेत ज्यांचे श्रम हिशेबात धरले गेले नाहीत, त्यांचाही उल्लेख केला पाहिजे. भाऊरावांच्या पत्नी लक्ष्मीबाई यांनी वसतिगृहातील मुलांचे सर्व काही पाहिले आणि अडचणीच्या वेळी आपले दागिने, अखेरीस मंगळसूत्रही, मुलांच्या अन्नासाठी दिले. १९३० मध्ये त्या निवर्तल्या. मुलगा वसतिगृहात गेल्यावर त्याच्या वाट्याचे शेतकाम गावी त्याची आई व बहिणी करीत. तिसऱ्या प्रकारचा जो खर्च वर सांगितला, तो या रीतीने नाहीसा झाला नाही. तो घरातील स्त्रियांनी उचलला.

४. काम निराळे, परीक्षा तीच

‘कमवा आणि शिका’ या कल्पनेची तुलना पुष्कळदा वर्धा शिक्षणयोजनेशी केली जाते. दोहोंत साम्य आहे, परंतु भेद अधिक महत्त्वाचा आहे. ऑक्टोबर १९३७ मध्ये वर्धा येथे भरलेल्या परिषदेतून व त्यानंतर झाकिर हुसेन समितीच्या अहवालातून जी मूलोद्योगी शिक्षणपद्धती पुढे आली, तिच्यात हस्तव्यवसाय हे शिक्षणाचे केंद्र मानले होते. सूत काततानाच गणित, भूगोल व इतिहास शिकवावयाचा, आणि मुलांनी तयार केलेल्या मालातून शिक्षकाच्या वेतनाचा भार हलका व्हावयाचा, अशी ती कल्पना होती. तिच्यात काम वर्गाच्या आत होते.

साताऱ्यास काम वर्गाच्या बाहेर राहिले. पहाटे व सायंकाळी विद्यार्थी शेतात असे. परंतु शाळेच्या वेळेत तो इतर कोणत्याही शाळेतील विद्यार्थ्याप्रमाणे इंग्रजी, गणित व संस्कृत शिके आणि अखेरीस इतरांबरोबर त्याच परीक्षेस बसे. १९४० मध्ये सातारा येथे महाराजा सयाजीराव हायस्कूल निघाले. विनाशुल्क व निवासी स्वरूपाच्या या शाळेतही श्रमाची अट होती, पण अभ्यासक्रम नेहमीचाच होता. १९४७ मध्ये सुरू झालेल्या छत्रपती शिवाजी महाविद्यालयासंबंधी आणि १९५४ मध्ये कऱ्हाड येथे निघालेल्या सद्‌गुरू गाडगे महाराज महाविद्यालयासंबंधीही असेच म्हणता येईल. शेतकऱ्याच्या मुलाला शेतकऱ्याचे निराळे शिक्षण द्यावे, हा विचार तेथे मान्य झाला नाही.

या भेदाचे महत्त्व अमेरिकेतील एका उदाहरणावरून स्पष्ट होईल. १८८१ मध्ये अलाबामा राज्यातील टस्केगी येथे बुकर टी. वॉशिंग्टन यांच्या नेतृत्वाखाली कृष्णवर्णीयांसाठी जी शिक्षणसंस्था निघाली, तेथेही विद्यार्थ्यांनी विटा पाडल्या, इमारती बांधल्या, शेती केली. भाऊरावांच्या कार्याची तुलना टस्केगीशी करण्याचा प्रघात आहे आणि बाह्य स्वरूपापुरती ती यथार्थही आहे. परंतु टस्केगीच्या शिक्षणात उद्योग हा स्वतःच अभ्यासाचा प्रधान विषय होता. १९०३ मध्ये डब्ल्यू. ई. बी. ड्यूबॉईस यांनी त्यावर जो आक्षेप घेतला, त्याचा आशय असा की औद्योगिक शिक्षणावर असा एकांगी भर दिल्याने कृष्णवर्णीयांना उच्च शिक्षणाचे व नागरी हक्कांचे द्वार बंद राहील. श्रमाचे शिक्षण गरिबाला त्याच्या श्रमाच्याच जागी स्थिर करून ठेवील, ही भीती निराधार नव्हती.

सातारच्या प्रयोगाने या आक्षेपास जे उत्तर दिले, ते त्याच्या रचनेतच अंतर्भूत आहे. श्रम हे शिक्षणाचे मूल्य होते. शिक्षणाचा पर्याय नव्हते. ज्याने शेतात काम करून शुल्क फेडले आणि ज्याच्या वडिलांनी रोख रक्कम देऊन ते भरले, त्या दोघांच्या हाती येणारे प्रमाणपत्र एकच होते. म्हणूनच या वसतिगृहातून गेलेल्या विद्यार्थ्यास पुढे कोणतीही वाट बंद झाली नाही. शाहू बोर्डिंगमध्ये वाढलेले पी. जी. पाटील हे बॅरिस्टर झाले, छत्रपती शिवाजी महाविद्यालयाचे प्राचार्य झाले आणि १९७५ मध्ये शिवाजी विद्यापीठाचे कुलगुरू झाले. हे उदाहरण अपवादात्मक असले, तरी निराळ्या व दुय्यम अभ्यासक्रमातून असा अपवादही संभवला नसता.

५. शिक्षणातून व्यवसायात

शिक्षण संपल्यावर विद्यार्थी कोठे गेला, हा यापुढील प्रश्न. वसतिगृहात केलेले काम त्याचा व्यवसाय झाले नाही. तो शेतावर परतण्यासाठी शिकला नव्हता, आणि त्याच्या घरच्यांनीही त्यासाठी त्याला पाठविले नव्हते. बहुसंख्यांच्या बाबतीत व्यवसायाचे दार उघडले ते शिक्षकी पेशाचे, आणि ते उघडण्याचे काम मुख्यतः संस्थेनेच केले.

१९३५ मध्ये सातारा येथे सिल्व्हर ज्युबिली रुरल ट्रेनिंग कॉलेज निघाले आणि प्राथमिक शिक्षक तेथे तयार होऊ लागले. त्यानंतरच्या काळात सातारा जिल्ह्यातील डोंगराळ व दुर्गम खेड्यांत संस्थेने स्वयंसेवी शाळा, त्या वेळच्या प्रचारातील शब्दात ‘व्हॉलंटरी शाळा’, काढल्या. प्रशिक्षित शिक्षक या शाळांवर गेले. या शाळांतील हुशार मुले वसतिगृहांत आली, तेथून हायस्कुलांत व महाविद्यालयांत गेली आणि पुन्हा शिक्षक झाली. महात्मा गांधींच्या हत्येनंतर त्यांच्या स्मरणार्थ १०१ हायस्कुले काढण्याचा संकल्प भाऊरावांनी सोडला. १९५५ मध्ये माध्यमिक शिक्षकांच्या प्रशिक्षणासाठी साताऱ्यात आझाद कॉलेज ऑफ एज्युकेशन सुरू झाले. वसतिगृह, प्रशिक्षण विद्यालय व शाळा अशी ही साखळी होती. विद्यार्थ्याला घेणारी, त्याला तयार करणारी आणि त्याला नोकरी देणारी संस्था बहुतांशी एकच होती.

शिक्षणातून व्यवसायात जाताना तरुणास जी अडचण येते ती मुख्यतः अनिश्चिततेची असते. कोणते ज्ञान उपयोगी पडेल, कोण विचारील, ओळख कोणाची लागेल, हे त्याला ठाऊक नसते. वरील साखळीत ही अनिश्चितता पुष्कळच कमी झाली होती. शिवाय ज्या जिल्ह्यात शाळा नसलेली खेडी असंख्य होती, तेथे शिक्षकांची मागणी दीर्घकाळ संपणारी नव्हती. स्वातंत्र्यानंतर प्राथमिक शिक्षणाची जबाबदारी शासनाने व जिल्हा शाळामंडळांनी उचलली. १ मे १९६२ रोजी जिल्हा परिषदा अस्तित्वात आल्या. शिक्षक, ग्रामसेवक, लिपिक अशा नोकऱ्यांची त्यामुळे भर पडली आणि मॅट्रिक झालेल्या मुलास गावाजवळच स्थिर वेतन मिळू लागले.

परंतु याच ठिकाणी या पद्धतीची मर्यादाही दिसते. शिक्षणप्रसार हाच जेथे शिक्षिताचा प्रमुख व्यवसाय असतो, तेथे प्रसार पूर्ण होत आला की व्यवसायाचा संकोच होऊ लागतो. प्रत्येक गावी शाळा झाल्यानंतर नव्या शिक्षकास केवळ निवृत्ताची जागा उरते. २००० साली महाराष्ट्रात शिक्षणसेवक योजना सुरू झाली आणि पहिली ३ वर्षे मानधनावर काढण्याची पाळी नवशिक्षकावर आली. त्यानंतर विनाअनुदानित शाळांतून वर्षानुवर्षे विनावेतन किंवा अल्प वेतनावर काम करणारा शिक्षकवर्ग वाढला. शिक्षणशास्त्राची पदवी घेतलेला तरुण सातारा, कऱ्हाड किंवा सांगली येथील अभ्यासिकेत स्पर्धा-परीक्षेची तयारी करीत बसलेला आढळतो, त्याचे कारण केवळ त्याच्या महत्त्वाकांक्षेत शोधणे योग्य होणार नाही. आजोबांच्या पिढीस ज्या साखळीने उचलून धरले, तिचा अखेरचा दुवा त्याच्या पिढीपर्यंत निखळला आहे.

६. सांगलीकडील दुसरी वाट

याच प्रदेशात शिक्षण व व्यवसाय यांचा संबंध निराळ्या बाजूनेही जुळविला गेला. १९१० मध्ये औंध संस्थानच्या अधिपतींनी दिलेल्या माळरानावर, कुंडल रोड स्थानकाजवळ, लक्ष्मणराव किर्लोस्कर यांनी आपला कारखाना व वसाहत उभारली. लक्ष्मणराव हे मुंबईच्या व्हिक्टोरिया ज्युबिली टेक्निकल इन्स्टिट्यूटमधील शिक्षक होते. ती नोकरी सोडून ते उद्योगाकडे वळले होते. किर्लोस्करवाडीस आसपासच्या खेड्यांतून आलेल्या माणसांनी कामावर राहूनच काम शिकून घेतले. येथे श्रम हेच शिक्षण होते. परंतु त्याची परीक्षा नव्हती आणि कारखान्याबाहेर दाखविता येईल असे प्रमाणपत्रही नव्हते. सातारच्या वसतिगृहातील विद्यार्थ्याजवळ प्रमाणपत्र होते आणि कसब नव्हते. किर्लोस्करवाडीच्या कामगाराजवळ कसब होते आणि प्रमाणपत्र नव्हते. दोन्ही ठिकाणांमधील अंतर मैलांनी थोडे, पण शैक्षणिकदृष्ट्या मोठे होते.

हे अंतर भरून काढणे तंत्रशिक्षणाचे काम होय. १९४७ मध्ये, म्हणजे साताऱ्यास शिवाजी महाविद्यालय निघाले त्याच वर्षी, सांगली येथे न्यू इंजिनिअरिंग कॉलेज सुरू झाले. १९५५ मध्ये त्याचे नाव वालचंद कॉलेज ऑफ इंजिनिअरिंग असे झाले. १९५० नंतरच्या दशकापासून कृष्णाकाठी सहकारी साखर कारखाने उभे राहू लागले आणि अभियंत्यापासून रसायनज्ञापर्यंत व लिपिकापासून उसाच्या तोडीची चिठ्ठी देणाऱ्या चिटबॉयपर्यंत नाना प्रकारच्या नोकऱ्या ग्रामीण भागातच निर्माण झाल्या. १९६१ च्या शिकाऊ उमेदवारी कायद्याने औद्योगिक प्रशिक्षण संस्थेतून बाहेर पडलेल्या तरुणाचा कारखान्याशी येणारा संबंध नियमबद्ध केला. शिकाऊ उमेदवार हा विद्यार्थी आणि कामगार या दोहोंच्या मधला असतो. त्याला विद्यावेतन मिळते, कसब मिळते, आणि परीक्षा झाल्यावर प्रमाणपत्रही मिळते.

तंत्रशिक्षणाच्या या वाटेस एक निर्णायक वळण १९८३ मध्ये लागले. सांगलीचे वसंतदादा पाटील हे तेव्हा मुख्यमंत्री होते. विनाअनुदान तत्त्वावर खासगी अभियांत्रिकी व वैद्यकीय महाविद्यालये काढण्यास त्यांच्या शासनाने अनुमती दिली. जागा पुष्कळ वाढल्या. जे विद्यार्थी पूर्वी कर्नाटकात जात ते आपल्या जिल्ह्यात शिकू लागले. परंतु शिक्षणाचे मूल्य कशाने फेडावयाचे, या प्रश्नाचे उत्तर मात्र बदलले. साताऱ्यात ते श्रमाने फेडले जात होते, येथे ते रोख रकमेने फेडावे लागू लागले. ज्या कुटुंबाजवळ रोख रक्कम नव्हती त्याने जमीन गहाण टाकून किंवा, पुढील काळात, बँकेचे शैक्षणिक कर्ज काढून ते फेडले. श्रम आधी देणे आणि श्रम पुढे द्यावयाचे वचन देणे यांत मोठा भेद आहे. वसतिगृहातील मुलाचे देणे रोजचे रोज फिटत असे. कर्ज काढून शिकलेल्या अभियंत्याचे देणे नोकरी मिळाल्यावरच फिटू लागते, आणि नोकरी न मिळाल्यास ते वाढत जाते. त्यामुळे पहिली मिळेल ती नोकरी पतकरण्याची सक्ती त्याच्यावर होते. शिक्षणाने मिळावयाचे स्वातंत्र्य अशा रीतीने आरंभीच आकुंचित होते.

७. श्रमाचे बदललेले स्थान

मधल्या काळात शाळा-महाविद्यालयांतील श्रमाचे स्वरूपही पालटले. यशवंतराव चव्हाण मुख्यमंत्री असताना वार्षिक उत्पन्न १,२०० रुपयांहून कमी असलेल्या कुटुंबांतील मुलांना शुल्कमाफी मिळाली. शिक्षणाच्या खर्चाचा पहिला भाग त्यामुळे शासनाने उचलला. ही गोष्ट निःसंशय हिताची झाली. परंतु श्रमाने शुल्क फेडण्याची आवश्यकता जसजशी कमी झाली, तसतसे श्रमाचे समर्थन निराळ्या भूमीवर करावे लागले. १९६४ ते १९६६ या काळातील कोठारी आयोगाने शालेय शिक्षणात कार्यानुभवाची शिफारस केली. १९७७ मध्ये ईश्वरभाई पटेल समितीने समाजोपयोगी उत्पादक कार्य सुचविले. जे काम वसतिगृहात गरजेतून होत होते, ते आता वेळापत्रकातील तासिका व गुणपत्रिकेतील श्रेणी झाले. जेथे काम न केल्याने कोणाचेही जेवण अडत नाही, तेथे त्या कामास गांभीर्य येणे कठीण असते. कागदी फुले व साबणाच्या वड्या यांत कार्यानुभव पुष्कळ ठिकाणी संपून गेला, हे अनेक शिक्षकांच्या परिचयाचे आहे.

विद्यापीठांनी मात्र ही कल्पना आपल्या परीने पुढे नेली. पुणे विद्यापीठाने आपल्या योजनेस कर्मवीर भाऊराव पाटील यांचे नाव दिले. १९६२ मध्ये स्थापन झालेल्या आणि सातारा व सांगली या दोन्ही जिल्ह्यांतील महाविद्यालये ज्याच्याशी संलग्न झाली त्या शिवाजी विद्यापीठानेही ‘कमवा आणि शिका’ योजना राबविली. २०२१ मध्ये साताऱ्यात कर्मवीर भाऊराव पाटील विद्यापीठ स्थापन झाले आणि छत्रपती शिवाजी महाविद्यालय त्याचे घटक महाविद्यालय झाले. विद्यापीठीय योजनांत विद्यार्थी ग्रंथालयात, कार्यालयात किंवा बागेत ठरावीक तास काम करतो आणि तासाच्या दराने मोबदला घेतो. खर्चाचे साधन हा मूळ अर्थ येथे कायम आहे. मात्र भाकरी पिकविणारा व खाणारा यांचे जे ऐक्य होते ते सुटले आहे. श्रमाचे मोल आता पैशात होते, आणि मेसचा दर वाढला की तासाचा दर अपुरा पडतो.

याच्या जोडीस आता तिसरा अर्थ, म्हणजे व्यवसायाची पूर्वतयारी, पुढे आला आहे. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणानंतर प्रत्यक्ष कार्यप्रशिक्षणास पदवी अभ्यासक्रमांत श्रेयांकांसह स्थान मिळाले. २०२४ मध्ये राज्य शासनाने सुरू केलेल्या मुख्यमंत्री युवा कार्य प्रशिक्षण योजनेत पदवीधर प्रशिक्षणार्थ्यास दरमहा १०,००० रुपये विद्यावेतन ठरविण्यात आले. कामाने आता वर्गात पुन्हा प्रवेश केला आहे. परंतु या वेळी त्याने अभ्यासक्रमातील काही भागाची जागा घेतली आहे. ड्यूबॉईस यांचा आक्षेप येथे पुन्हा लक्षात घ्यावा लागतो.

८. निष्कर्ष

वरील विवेचनावरून शिक्षणाशी कामाची सांगड घालणाऱ्या कोणत्याही योजनेस लावता येतील अशा तीन कसोट्या मांडता येतात.

पहिली कसोटी अशी : काम करणाऱ्या विद्यार्थ्यास मिळणारे शिक्षण हे काम न करणाऱ्यास मिळणाऱ्या शिक्षणाइतकेच पूर्ण आहे काय? ते नसेल, तर गरिबासाठी दुय्यम शिक्षणाची ती सोय होय. सातारच्या प्रयोगाचे यश प्रथमतः या कसोटीवर उतरले.

दुसरी कसोटी : कामाचा मोबदला त्याच्या राहण्याजेवण्याच्या खर्चास खरोखर पुरतो काय? मोबदला नाममात्र असेल, तर विद्यार्थ्याचा वेळ जातो आणि खर्च तसाच राहतो. सांगली किंवा मिरज येथील एखाद्या आस्थापनेत श्रेयांकासाठी विनामूल्य काम करणारा विद्यार्थी खेड्यातून एस. टी. ने येत असेल, तर त्याच्या घरच्या खर्चात उलट भरच पडते.

तिसरी कसोटी : त्या कामातून मिळालेले कसब अन्यत्र मान्य होईल अशा रीतीने प्रमाणित होते काय? किर्लोस्करवाडीच्या पहिल्या पिढीतील कामगारास जे मिळाले नाही, ते आजच्या प्रशिक्षणार्थ्यास मिळावयास हवे. केवळ उपस्थितीचे प्रशस्तिपत्र हे कसबाचे प्रमाणपत्र नव्हे.

एकच योजना या तिन्ही कसोट्यांस उतरेल अशी अपेक्षा करणे कदाचित अवास्तव ठरेल. परंतु योजना कोणत्या कसोटीसाठी आखली आहे, हे आखणाऱ्याने स्पष्ट सांगितले पाहिजे आणि तिचे मूल्यमापनही त्याच कसोटीवर झाले पाहिजे. भाऊराव पाटील यांचे ९ मे १९५९ रोजी निधन झाले. त्यांच्या वसतिगृहांनी व्यवसायशिक्षण देण्याचा दावा केला नव्हता. मुलास उपाशी न ठेवता व कोणाचा मिंधा न करता पूर्ण शिक्षण मिळवून द्यावयाचे, एवढेच त्यांनी पतकरले होते आणि तेवढे त्यांनी केले. शिक्षणानंतरचा व्यवसाय हा त्या काळी शाळांच्या विस्ताराने पुरविला. तो विस्तार आज थांबला आहे. त्याची जागा घेणारी दुसरी साखळी या दोन जिल्ह्यांत कोणत्या उद्योगांच्या, सहकारी संस्थांच्या व स्थानिक स्वराज्य संस्थांच्या आधारे उभी करता येईल, हा पदव्युत्तर संशोधनाचा विषय आहे. आणि त्याची सामग्री वसतिगृहांच्या जुन्या हजेरीपटांपासून कारखान्यांच्या भरती-नोंदींपर्यंत याच परिसरात शोधावयाची आहे.